सीए आहे, कॉलेजात शिकवलंय, आता मेलबर्नला आलोय, सरकारी कामात शिरता येईल का? (उत्तर लांबलंय, चहा घेऊन बसा)

आधी प्रश्न थोडक्यात सांगते. विचारणारे सोलापूरकडचे, वय ३८, सीए, नऊ वर्षं स्वतःची प्रॅक्टिस, त्यातली पाच वर्षं सोबत कॉमर्स कॉलेजात तासिका तत्त्वावर शिकवलंय. बायकोच्या आयटीतल्या कामामुळे पीआर (कायम राहण्याचा परवाना) मिळाला, मेलबर्नला येऊन चार महिने झाले. आपली माणसं सगळी सांगतायत की टॅक्स रिटर्न भरायचं काम धर नाहीतर बुककीपिंग कर. यांना सरकारी हिशोबाच्या कामात जायचंय आणि शिकवणंही सुटू नये असं वाटतंय. प्रश्न तीन: सिटिझनशिप लागते का, पीएचडी करू का, आणि तोपर्यंत काय करू.

मी सांगलीची. २००१ साली आले. आधी एका ऑडिट फर्ममध्ये होते, ती फर्म ऑडिटर-जनरलच्या (सरकारी हिशोब तपासणारा राज्याचा अधिकारी) वतीने कौन्सिलांची, म्हणजे इथल्या नगरपालिकांची, ऑडिटं करायची, मग मीच एका कौन्सिलच्या फायनान्समध्ये गेले, मधे बरीच वर्षं संध्याकाळी युनिव्हर्सिटीत शिकवलं, पीएचडी पार्टटाइम रखडतरखडत पूर्ण केली, आणि आता दोन कौन्सिलांच्या ऑडिट कमिट्यांवर बाहेरची सदस्य आहे. त्यामुळे जे लिहितेय ते व्हिक्टोरिया राज्यापुरतं धरा, सिडनी-पर्थवाल्यांनी आपापले नियम बघून घ्या.

तुमचे तीन प्रश्न ठीक आहेत पण खरा प्रश्न वेगळाच आहे असं मला वाटतं. सोलापुरात तुम्ही "साहेब" होता, सही केली की ताळेबंद पास व्हायचा, आणि इथे तुमची ती नऊ वर्षं कोणी वाचतसुद्धा नाही. खरी अडचण ही आहे की तुम्ही काय करू शकता हे इथल्या माणसाला त्याच्या भाषेत कसं दाखवायचं. सिटिझनशिप आणि पीएचडी या दोन्ही गोष्टी आपण त्यावरचा उपाय म्हणून धरून बसतो, कारण त्या कागदावर मिळतात ना, कागद मिळवणं आपल्याला जमतं.

सिटिझनशिपचं एकदा संपवून टाकू. केंद्र सरकारच्या म्हणजे कॅनबेराच्या नोकरीत पब्लिक सर्व्हिस अ‍ॅक्ट १९९९ प्रमाणे साधारणपणे नागरिकत्व लागतंच, खातेप्रमुख सूट देऊ शकतो पण त्या भरवशावर राहू नका. राज्य सरकार आणि कौन्सिल यांच्या बहुतेक फायनान्सच्या जागांना पीआर चालतो. जाहिरातीत "वर्क राइट्स" (इथे काम करण्याचा हक्क) असं लिहिलेलं असतं, तेवढंच बघायचं. नागरिकत्वासाठी चार वर्षं इथे कायदेशीर राहणं, त्यातलं शेवटचं वर्ष पीआरवर, आणि मधल्या काळात भारतात फार लांब मुक्काम नको. ते घेतलं की भारताचं नागरिकत्व जातं, ओसीआय (परदेशी नागरिक झालेल्या भारतीयांना मिळणारं कार्ड) मिळतं, पण ओसीआयवर शेतजमीन विकत घेता येत नाही, वारसाने आलेली चालते. तुमच्या नावावर सात-बारा असेल किंवा पुढेमागे जमीन घ्यायचा बेत असेल तर घरच्यांशी आत्ताच बोलून ठेवा, मी नाही बोलले आणि मग दोन वर्षं फोनवर भांडण चाललं होतं.

आता तुमच्या सीव्हीबद्दल. तुम्ही प्रश्नात सहज एक ओळ टाकलीत की "दोन नगरपरिषदांचं डबल एन्ट्रीचं काम केलंय". अहो, हीच तर सगळ्यात मोठी गोष्ट आहे आणि ती तुम्ही शेवटी कंसात घातलीय! आपल्याकडे नगरपालिकांचे हिशोब वर्षानुवर्षं रोखीच्या पद्धतीने चालायचे, २००४ साली नॅशनल म्युनिसिपल अकाउंट्स मॅन्युअल आलं, आणि मग हळूहळू उपार्जित पद्धतीवर (पैसे हातात येण्याची वाट न बघता येणं-देणं झालं की नोंद) न्यायचं काम सुरू झालं, ते बरंचसं तुमच्यासारख्या लोकांनी बाहेरून जाऊन केलं. जुन्या रजिस्टरांवरून मालमत्तांची यादी बनवणं, रस्त्याची किंमत कशी धरायची, पाण्याची टाकी कोणत्या साली बांधली हे निवृत्त झालेल्या ओव्हरसीयरला घरी जाऊन विचारणं, हे तुम्ही केलं असणारच. इथल्या कौन्सिलच्या फायनान्समध्ये अर्धी डोकेदुखी तीच आहे. फक्त शब्द बदला, तुमचं ते "प्रॉपर्टी रजिस्टर" इथे "अ‍ॅसेट रजिस्टर", आणि काम आहे "इन्फ्रास्ट्रक्चर व्हॅल्युएशन". हे पहिल्या पानावर, वरून तिसऱ्या ओळीत यायला पाहिजे. जीएसटीची रिटर्नं किती भरली ते खाली टाका किंवा काढूनच टाका.

एक फरक मात्र डोक्यात बसवून घ्या नाहीतर मुलाखतीत गडबड होईल. आपल्याकडे नगरपालिका म्हटलं की पाणी आलंच. इथे व्हिक्टोरियात पाणी आणि सांडपाणी वेगळ्या वॉटर कॉर्पोरेशनकडे असतं, कौन्सिलकडे पावसाच्या पाण्याची गटारं, गल्लीबोळातले रस्ते, बागा, लायब्ररी, कचरा, बाळांच्या तपासणीची केंद्रं वगैरे. अशी ७९ कौन्सिलं आहेत आणि सगळ्यांचं ऑडिट राज्याच्या ऑडिटर-जनरलकडे. आणि घरपट्टी म्हणजे रेट्स मनाला येईल तसे वाढवता येत नाहीत, २०१६-१७ पासून राज्य सरकारने दरवर्षी किती टक्के वाढवायची याला मर्यादा घातलीय, पहिल्या वर्षी अडीच टक्के होती. जास्त हवे असतील तर एसेन्शियल सर्व्हिसेस कमिशन या राज्याच्या नियामक संस्थेकडे अर्ज करून पटवून द्यावं लागतं. बजेट ३० जूनच्या आत मंजूर व्हायला लागतं. कौन्सिलच्या फायनान्समधला माणूस काय विचार करत झोपतो हे कळायला एवढं पुरे.

मुलाखत. मी पहिल्या सरकारी मुलाखतीत सपशेल आपटले होते. तीन जणांचं पॅनल, प्रश्न सगळे "अशी वेळ सांगा जेव्हा तुम्ही..." टाइपचे. मी छान उत्तरं दिली असं मला वाटलं. नंतर फीडबॅकसाठी फोन केला (हा जरूर करा, नकार आला तरी करा, इथे सांगतात), तर बाई म्हणाली की तुमच्या टीमने खूप काम केलेलं दिसतं, पण त्यात तुम्ही काय केलं ते आम्हाला शेवटपर्यंत कळलं नाही. मी पाऊण तास "आम्ही ऑडिट केलं, आम्ही चूक पकडली" असंच बोलत होते! आपल्याकडे "मी केलं" म्हटलं की माणूस फुशारकी मारतोय असं वाटतं, घरात शिकवलेलं असतं ते. पुढच्या वेळेला मी आरशासमोर बसून प्रत्येक "आम्ही"चा "मी" केला, फार ओशाळल्यासारखं वाटत होतं, आणि ती नोकरी मिळाली. प्रसंग, माझं काम काय होतं, मी काय केलं, काय झालं, या क्रमाने पाच गोष्टी पाठ करून ठेवा. त्यातली एक तरी अशी हवी की जिथे तुमचं चुकलं आणि तुम्ही ते निस्तरलं.

आता शिकवण्याबद्दल, ज्यासाठी मी खरं तर हे सगळं लिहायला घेतलं. तुम्ही लिहिलंय की "पाच वर्षं कॉलेजात गेली, तो गॅप कसा भरून काढू". गॅप कुठला हो! सरकारी अकाउंटंटचं काम म्हणजे निम्मं शिकवणंच असतं. खासगी कंपनीत ताळेबंद वाचणारे लोक बऱ्यापैकी जाणकार असतात. कौन्सिलमध्ये निवडून आलेले सभासद म्हणजे कोणी शेतकरी, कोणी रिटायर्ड नर्स, कोणी बेकरीवाला, आणि निर्णय त्यांनी घ्यायचाय, तुम्ही नाही. त्यांना कळलं नाही तर चूक तुमची.

एक उदाहरण देते, असले आकडे तुम्हाला इथे पहिल्या महिन्यात भेटतील. समजा टार्नीटसारख्या कडेच्या उपनगरात बिल्डरने चारशे घरांची वसाहत काढली. आतले रस्ते, गटारं, फुटपाथ तो बांधतो आणि शेवटी कौन्सिलच्या ताब्यात देतो, फुकट. त्यांची किंमत समजा २ कोटी डॉलर. हिशोबाच्या नियमाप्रमाणे हे २ कोटी त्या वर्षी कौन्सिलचं उत्पन्न म्हणून दिसतात. म्हणजे वर्षअखेरीला भलामोठा सरप्लस! पेपरात बातमी येते, लोक मीटिंगला येऊन विचारतात की एवढे पैसे शिल्लक आहेत तर रेट्स कशाला वाढवताय, आणि आमचा पोहण्याचा तलाव का बंद केला. पण पैसे आलेलेच नाहीत ना, रस्ते आलेत. उलट त्या रस्त्यांचं आयुष्य सरासरी पन्नास वर्षं धरलं तर दरवर्षी ४ लाखांचा घसारा कौन्सिलच्या डोक्यावर बसला, शिवाय झाडलोट, दिवे, खड्डे. श्रीमंत दिसणाऱ्या वर्षीच खर्चाचं ओझं वाढलेलं असतं. म्हणून इथे "अ‍ॅडजस्टेड अंडरलायिंग रिझल्ट" नावाचा वेगळा आकडा काढतात, त्यात अशी वस्तुरूपाने आलेली देणगी आणि एकदाच मिळणारी भांडवली अनुदानं वगळतात. खरी तब्येत तिथे कळते.

हे मी एका कौन्सिलमध्ये पहिल्यांदा सांगितलं तेव्हा स्लाइडवर हिशोबाच्या स्टँडर्डचा (नियमाचा) नंबर टाकून सांगितलं, १०५८ की काय ते, आणि समोर सगळे चेहरे कोरे. ब्रेकमध्ये एक म्हातारा शेतकरी सभासद माझ्याकडे आला, म्हणाला मला काही समजलं नाही आणि बाकीच्यांनाही नाही, ते फक्त बोलत नाहीत. तेव्हा मी म्हटलं, समजा शेजाऱ्याने तुम्हाला नवा ट्रॅक्टर फुकट दिला. तुम्ही श्रीमंत झालात का? हो. त्या ट्रॅक्टरने बँकेचा हप्ता भरता येईल का? नाही. आणि डिझेल कोण घालणार? तो दोन मिनिटं गप्प बसला आणि मग ब्रेकनंतर त्यानेच उठून बाकीच्यांना समजावलं. त्यानंतर दोन वर्षं, तो निवडणूक हरेपर्यंत, दर अहवालाला विचारायचा, "यात ट्रॅक्टर किती आहेत?" माझ्या पीएचडीपेक्षा त्या प्रश्नाचा मला जास्त अभिमान आहे, खरंच.

आणि हे मी कुठे शिकले सांगू, युनिव्हर्सिटीत नाही. आर्टिकलशिपमध्ये (सीए होताना करायची उमेदवारी) आमच्याकडे पतसंस्थांची ऑडिटं असायची. वार्षिक सभेला सर मला बरोबर न्यायचे. मांडवात मागच्या रांगेतला एखादा सभासद उठून विचारायचा की अहवालात नफा दिसतोय, भिंतीवर "ऑडिट वर्ग अ" लावलंय, मग लाभांश का नाही? चेअरमन माझ्या सरांकडे बघायचे, आणि सर एकही इंग्रजी शब्द न वापरता, व्याज येणं आहे पण हातात आलेलं नाही, हे ऊस गेलाय पण बिल आलेलं नाही असं सांगून समजावायचे. तुम्ही सोलापूरचे, तुम्हीही असल्या सभा बघितल्या असणार. तेच कौशल्य आहे हो, फक्त मांडवाऐवजी कार्पेट आणि चहाऐवजी ते पांचट कॉफी मशीन.

मग पीएचडी करू का? माझं मत: आत्ता नको. यात परिस्थितीवर बरंच अवलंबून आहे हे मान्य. बायकोचा पगार पक्का असेल, मुलं लहान नसतील, आणि संशोधनाची खरीच भूक असेल तर फुलटाइम करा, स्कॉलरशिप मिळाली तर तीन-साडेतीन वर्षं घर कसंबसं चालतं. पण "पीएचडी केली की सरकारी नोकरी सोपी" हे गणित चुकीचं आहे, फायनान्स मॅनेजरच्या जागेला कोणी पीएचडी विचारत नाही, सीए किंवा सीपीए (अकाउंटंटची इथली दुसरी मान्यता) विचारतात. आणि पीएचडी करून युनिव्हर्सिटीत कायम नोकरी मिळेल हेही धरून चालू नका. अकाउंटिंगचे वर्ग इथे परदेशी विद्यार्थ्यांवर चालतात, २०२० साली सीमा बंद झाल्या तेव्हा आधी घरी गेले ते तासिकावालेच, इथे त्यांना सेशनल म्हणतात, आपल्याकडचीच गत. मलाही त्या वर्षी एका ओळीच्या ईमेलने कळलं की पुढच्या सेमिस्टरला तास नाहीत, तेही बारा वर्षांनंतर. म्हणून सांगते, शिकवणं संध्याकाळचे दोन-तीन तास ठेवा, आणि पोट दुसऱ्या कामावर ठेवा. मी पीएचडी केली ती कौन्सिलमध्ये सहा वर्षं काढल्यावर, कारण तेव्हा मला प्रश्न सापडला होता, की एकाच जातीच्या रस्त्याचं आयुष्य एक कौन्सिल तीस वर्षं धरते आणि शेजारची साठ, असं का. तुम्हाला असा छळणारा प्रश्न सापडला की मग अर्ज करा, तोवर थांबलात तर काही बिघडत नाही.

आता या क्षणी काय करायचं. आयसीएआयच्या (भारतातली सीएंची संस्था) सभासदत्वावर सीए एएनझेड किंवा सीपीए ऑस्ट्रेलिया या अकाउंटंटांच्या इथल्या संस्थांकडे किती सूट मिळते ते त्यांच्या साइटवर बघा, अटी बदलत असतात, आणि प्रक्रिया सुरू केली की सीव्हीवर तसं लिहा. दुसरं, कायम नोकरीच्या मागे लागू नका, वर्षअखेरीच्या हंगामात शिरा. ३० जूनला वर्ष संपतं, मार्च-एप्रिलपासूनच एजन्सीवाले तीन-चार महिन्यांच्या कॉन्ट्रॅक्टवर माणसं शोधतात, त्यात मालमत्तांच्या नोंदी करायला कोणालाच आवडत नाही, तेच मागून घ्या. पद खालचं असेल, कदाचित बिलं पास करण्याचं, पंचवीस वर्षांचा मुलगा तुम्हाला एक्सेल शिकवायला येईल, हसून शिकून घ्या. मी पण तेच केलं. तिसरं, मेलबर्न सोडायची तयारी असेल तर हॉर्शम, मिल्ड्युरा अशा लांबच्या कौन्सिलांना चांगली फायनान्सची माणसं मिळता मिळत नाहीत, तिथे दोन वर्षांत जे हाताला लागतं ते शहरात सहा वर्षांत लागत नाही. पण बायकोची नोकरी मेलबर्नची, आणि मिल्ड्युरा साडेपाचशे किलोमीटर, तेव्हा हे तुमचं तुम्ही ठरवा, मी यात सल्ला देणार नाही.

चौथा दरवाजा फार कोणाला माहीत नसतो. व्हिक्टोरियाच्या २०२० च्या लोकल गव्हर्नमेंट अ‍ॅक्टप्रमाणे प्रत्येक कौन्सिलला ऑडिट अँड रिस्क कमिटी असावीच लागते, तिच्यात बहुसंख्य सदस्य बाहेरचे हवेत, आणि अध्यक्ष नगरसेवक असता कामा नये. कौन्सिलचे नोकर त्यावर बसू शकत नाहीत. म्हणजे ७९ कौन्सिलांना प्रत्येकी दोन-तीन तरी अशी माणसं लागतात ज्यांना आर्थिक शिस्त आणि सरकारी कामकाज कळतं. वर्षातून चार-पाच मीटिंगा, मानधन बेताचं, पण वाचायला मिळतो तो अख्खा कारभार. हे आज नाही, पाच-सात वर्षांनी. पण आत्तापासून जवळच्या कौन्सिलच्या साइटवर त्या कमिटीचे अहवाल वाचायला काय हरकत आहे? तुमच्यासारख्या, प्रॅक्टिस आणि शिकवणं दोन्ही केलेल्या माणसाला ही खुर्ची अगदी मापाची आहे. सध्या माझ्या एका कमिटीत मी सोडून कोणीच ऑस्ट्रेलियाबाहेर जन्मलेलं नाही, जागा आहे.

कोणीतरी खाली कॉमेंटमध्ये ह्यू व्हॅन ली यांचं नाव टाकलंय की "बघा, निर्वासित अकाउंटंट गव्हर्नर झाला". बरोबर आहे, १९७७ साली व्हिएतनाममधून होडीतून डार्विनला उतरले, अ‍ॅडलेड युनिव्हर्सिटीत अर्थशास्त्र आणि अकाउंटिंग शिकले, २०१४ ते २०२१ साउथ ऑस्ट्रेलियाचे गव्हर्नर होते. पण फॉरवर्ड होणाऱ्या मेसेजमध्ये होडी असते आणि राजवाडा असतो, मधलं कोणी लिहीत नाही. मधे त्यांनी कॉर्पोरेट रेग्युलेटरकडे वर्षानुवर्षं तपासनीस म्हणून कंपन्यांच्या फायली तपासल्या, आणि ते करता करता १९९५ पासून राज्याच्या बहुसांस्कृतिक आयोगावर काम केलं. मला ती फायलींची वर्षं जास्त जवळची वाटतात, कारण आपल्यातल्या बहुतेकांचं तेवढंच असणार आहे आणि तेवढंही चांगलं आहे.

दोन बारीकसारीक गोष्टी राहिल्या. आयसीएआयचं सभासदत्व सोडू नका, फी भरत राहा, प्रॅक्टिसचं सर्टिफिकेट हवं तर परत करा, पण सभासदत्व गेलं तर इथली मान्यता मिळवताना फार कागद लागतात. आणि नाव छोटं करू का असं विचारलंत, तर नका करू, माझं आडनाव पाच अक्षरी आहे, पहिल्या फोनला एकदा फोड करून सांगते आणि लोक शिकतात. सीव्ही मला मेसेजमध्ये पाठवा, या शनिवारी बघते, पण त्याआधी ती नगरपरिषदेची ओळ वर आणा, नाहीतर मी तसाच परत पाठवेन.